येसर लावून बांगड्याचं कालवण

मराठवाड्यात समुद्राची मासळी घरी आली की बहुतेक वेळा ती मटणाच्या रश्शासारखी शिजते. कांदा-खोबरं भाजून वाटण, पळीभर तेल, काळा मसाला आणि वर अर्धा तास रटरट उकळी. मटणाला ही उकळी लागते, माशाला ती मारते. बांगड्याचा तुकडा आठ मिनिटांत शिजतो, पुढे त्याचा चोथा होतो आणि सगळा स्वाद भांड्याबाहेर जातो. काही घरांत याच्या उलट होतं. नारळाच्या वाटणाचं कोकणी कालवण जसंच्या तसं करायला घेतात, पण इथे ओला नारळ लांबून येतो, महाग पडतो, फोडल्यावर कधी आंबूस निघतो. मग कालवण फसलं की दोष मासळीवर जातो.

सोपा मार्ग असा, की मासळी हाताळायची रीत किनाऱ्याकडून घ्यायची आणि रश्शाचा दाटपणा आपल्या घरच्या येसरातून, म्हणजे भाजून दळलेल्या धान्य-मसाल्याच्या पिठातून, आणायचा. आंबट आमसुलाचं, वास तिरफळाचा, मासा शेवटी आणि थोडाच वेळ. नारळाच्या जागी भाजलेल्या धान्याचा येसर. यात तेल कमी लागतं, नारळ लागत नाही, रश्शाला अंग येतं आणि ज्वारीच्या भाकरीशी कोरड्यास, म्हणजे लावून खायचं कालवण, म्हणून हे असं जमतं की वेगळी डाळ करावी लागत नाही.

येसर आधी

लग्नघरात येसराची आमटी होते, तोच हा येसर. फक्त मासळीसाठी करताना थोडा बदल करावा. उडीद डाळ नेहमीपेक्षा कमी घ्यायची, कारण ती रश्शाला बुळबुळीतपणा देते आणि तो माशाबरोबर नकोसा वाटतो. सुकं खोबरंही यात घालू नये. खोबऱ्याला दीड-दोन महिन्यांत खवट वास लागतो आणि सगळी बरणी वाया जाते.

प्रमाण असं: गहू 100 ग्रॅम, हरभरा डाळ 100 ग्रॅम, ज्वारी 50 ग्रॅम, तांदूळ 50 ग्रॅम, उडीद डाळ 25 ग्रॅम, धने 40 ग्रॅम, जिरे 15 ग्रॅम, मिरे एक लहान चमचा, लवंगा 6, दालचिनीचे बोटभर दोन तुकडे, सुंठेचा एक तुकडा, सुक्या लाल मिरच्या 8, हळद एक चमचा, हिंग अर्धा चमचा. एवढ्यात साधारण 400 ग्रॅम येसर होतो, म्हणजे पाच माणसांचं कालवण बारा वेळा निघतं.

प्रत्येक धान्य वेगळं भाजायचं. सगळं एकदम कढईत टाकलं तर तांदूळ करपतो आणि हरभरा डाळ आत कच्चीच राहते. आच मंद. गहू तडतडून फुगल्यासारखा दिसला आणि दाताखाली कुरकुरीत तुटला की झाला. ज्वारीच्या थोड्या लाह्या फुटतात, त्या तशाच ठेवा. हरभरा डाळीला सगळ्यात जास्त वेळ द्या, दहा-बारा मिनिटं तरी. ती बदामी झाली की एक दाणा ताटलीत घेऊन वाटीच्या बुडाने फोडून पाहा. मध्ये पिवळा, पिठूळ भाग दिसला तर अजून भाजायला हवी. अर्धवट भाजलेली डाळ हाच येसर बिघडण्याचा मोठा मार्ग आहे: रश्शाला बेसनासारखी कच्ची चव येते, आणि ती कितीही उकळलं तरी पूर्ण जात नाही. धने-जिरे शेवटी, नुसता वास सुटेपर्यंत. मिरे, लवंग, दालचिनी, मिरच्या त्याच गरम कढईत आच बंद करून परतल्या तरी पुरे.

पूर्ण गार होऊ द्या. गरम दळलं तर वाफ पिठात राहते, गोळे धरतात, पुढे किडे होतात. मिक्सरमध्ये रवाळ दळायचं, अगदी मैद्यासारखं नको. हळद-हिंग दळतानाच घाला. कोरड्या बरणीत तीन महिने छान राहतो. पावसाळ्यात मात्र थोडा थोडा करावा.

भाजलेल्या धान्याचं पीठ कच्च्या पिठाइतकं दाट करत नाही, कारण भाजताना त्यातला स्टार्च तुटतो. येसराच्या रश्शाला अंग असतं पण खळीसारखा चिकटपणा नसतो, तो यामुळेच. म्हणून घाईच्या वेळी येसराच्या जागी कच्चं बेसन किंवा गव्हाचं पीठ लावू नका. भाकरीचं पीठही नको.

बांगडा घेताना

संभाजीनगर, जालना, परभणी, लातूर, नांदेड, कुठेही घेतलात तरी समुद्राचा बांगडा शेकडो किलोमीटर बर्फात बसून आलेला असतो. त्यामुळे तो इथवर कसा आला ते बघणं भावापेक्षा महत्त्वाचं. डोळे फुगीर आणि स्वच्छ हवेत, आत गेलेले, दुधाळ नकोत. कल्ले उचलून पाहा, लाल हवेत. तपकिरी पडले असतील तर सोडून द्या. पाठीवरचे निळसर-हिरवे पट्टे चमकतात. पोटावर बोट दाबलं की खड्डा लगेच भरून यावा. पोट फुटलेला बांगडा कितीही स्वस्त असला तरी घेऊ नका.

बर्फ कुठे आहे तेही पाहा. नुसता खाली बर्फाचा थर आणि वर उन्हात मासे, अशी मांडणी असेल तर वरचे मासे गरम झालेले असतात. बांगडा, सुरमई, कुपा यांच्या मांसात हिस्टिडिन नावाचा घटक भरपूर असतो. मासा गारव्याबाहेर राहिला की जीवाणू त्याचं हिस्टामिन करतात. असा मासा खाल्ल्यावर थोड्याच वेळात तोंड लाल होतं, अंगावर गांधी उठतात, डोकं दुखतं, पोट बिघडतं. शिजवून हिस्टामिन जात नाही, तळूनही नाही, आणि माशाच्या वासावरून दर वेळी कळतंच असं नाही. एप्रिल-मेच्या उन्हात तर अर्ध्या तासाची हयगयही नडते. बाजारात मासळी सगळ्यात शेवटी घ्या, स्टीलच्या डब्यात बर्फाचे खडे घालून आणा आणि घरी येताच साफ करा किंवा फ्रिजच्या सगळ्यात गार कप्प्यात ठेवा. गोठवलेला बांगडा आणला असेल तर रात्री फ्रिजच्या खालच्या कप्प्यात सुटू द्या. गरम पाण्यात बुडवून सोडवला तर बाहेरचं मांस शिजतं आणि आत बर्फ राहतो.

जून-जुलैत पश्चिम किनाऱ्यावर मासेमारी बंद असते. त्या दिवसांत ताजा म्हणून मिळणाऱ्या समुद्राच्या माशावर फार भरवसा ठेवू नये. हेच कालवण सुक्या बोंबलाचं करा, त्याची रीत पुढे दिली आहे.

पाच माणसांना मध्यम आकाराचे चार-पाच बांगडे, साधारण 600 ग्रॅम, पुरतात. साफ करून 400 ग्रॅमच्या आसपास मांस-काटा राहतो. डोकं काढा, कल्ले काढा, पोट चिरून आतडं काढा. पित्ताची पिशवी फुटू देऊ नका. पोटाच्या आत काळा पातळ पापुद्रा असतो, तो अंगठ्याने घासून काढा, आणि पाठीच्या कण्याला चिकटलेलं गोठलेलं रक्त नखाने खरवडा. कालवण कडू झालं, हिमूस झालं, अशी जी तक्रार असते तिचं मूळ बहुधा या दोन ठिकाणी असतं. गार पाण्यात दोनदा धुऊन लगेच बाहेर काढा, पाण्यात भिजत ठेवू नका. दोन बोटं रुंदीचे तुकडे करून अर्धा चमचा मीठ आणि पाव चमचा हळद चोळा. दहा मिनिटं बस झाली. तासभर मीठ लावून ठेवलेला तुकडा पाणी सोडतो आणि शिजल्यावर कोरडा लागतो.

जवळा: थोड्या पैशात मोठी चव

नारळ काढून टाकला की रश्शात एक गोडूस भर कमी पडते. ती जवळ्याने, म्हणजे सुकवलेल्या इवल्याशा कोळंबीने, भरून निघते. आठवडी बाजारात सुकटवाल्याकडे बारीक, पांढरट-गुलाबी जवळा मिळतो. सोडे, म्हणजे सोललेली सुकी कोळंबी, घेतले तरी चालतील, ते जास्त चविष्ट पण बरेच महाग. 30 ग्रॅम जवळा, म्हणजे दोन मुठी, एवढ्या कालवणाला भरपूर. हाताला ओलसर लागला, किंवा नाकात झोंबणारा वास आला तर घेऊ नका.

जवळ्यात रेती असते. आधी चाळणीत घोळून भुसा आणि बारीक रेती पाडा. मग कोरड्या तव्यावर मंद आचेवर तीन-चार मिनिटं परता. हलका होतो, कुरकुरीत आवाज येतो, आणि बाजारू वास निघून भाजल्या शेंगदाण्यासारखा वास यायला लागतो. आता खोल भांड्यात गरम पाणी घेऊन त्यात सोडा आणि हाताने एकदा हलवा. जवळा वर राहतो, रेती बुडाला बसते. इथे घाईत भांडं चाळणीवर उपडं केलं तर बुडाची रेती परत जवळ्यावर येते. हाताच्या ओंजळीने वरच्यावर उचलून दुसऱ्या पाण्यात टाका. दोन पाणी झाली की भांड्याचा तळ बोटाने तपासा. खरखर लागली तर तिसरं पाणी.

कोळंबी-झिंग्याची ज्यांना अॅलर्जी आहे त्यांच्यासाठी जवळा पूर्ण वगळा. "थोडाच घातलाय" हे इथे चालत नाही. त्याऐवजी बांगड्याची दोन डोकी कल्ले काढून, स्वच्छ धुऊन लिटरभर पाण्यात पंधरा मिनिटं उकळा आणि ते पाणी गाळून वापरा.

बाकीचं सामान

लहान काटेरी वांगी 3, शेवग्याची शेंग 1, मध्यम कांदा 1, लसूण 12 पाकळ्या आणि बोटाच्या पेरभर आलं खलबत्त्यात ठेचून, करडईचं किंवा शेंगदाण्याचं तेल 2 मोठे चमचे, लाल तिखट 2 लहान चमचे, काळा मसाला 1 लहान चमचा, येसर 4 मोठे चमचे (32 ग्रॅमच्या आसपास), आमसुलं 5, तिरफळं 5, कोथिंबीर, मीठ.

काळा मसाला एक चमच्यावर नेऊ नका. दगडफूल आणि लवंगेचा भार वाढला की मासा हरवतो आणि तिरफळ तर कळतच नाही. तिरफळ इकडे सगळीकडे मिळत नाही. कोकणातून कुणी येणार असेल तर शंभर ग्रॅम मागवून ठेवा, वर्षभर पुरतं. आतलं काळं बी फेकायचं, साल तेवढं वापरायचं. नसेल तर नसू द्या, त्याला बदली शोधण्यात अर्थ नाही. आमसुलं मऊ आणि काळपट-लाल पाहून घ्या. पाव वाटी कोमट पाण्यात पंधरा मिनिटं भिजवा. त्यांना मीठ लावलेलं असतं, हे पुढे मीठ घालताना ध्यानात ठेवा.

भांडं मातीचं किंवा स्टीलचं घ्या, रुंद तोंडाचं. लोखंडी कढईत आणि साध्या अॅल्युमिनियमच्या भगुन्यात आमसुलाचा आंबटपणा धातूवर काम करतो. लोखंडात रस्सा काळा पडतो आणि दोन्हींत चवीला धातू लागतो.

शिजवताना

तेल तापलं की ठेचलेलं लसूण-आलं घाला, ते सोनेरी व्हायच्या आधीच बारीक चिरलेला कांदा. मध्यम आचेवर सहा-सात मिनिटं, कडा तांबूस होईपर्यंत. आता आच अगदी बारीक करून हळद, तिखट, काळा मसाला आणि लगोलग दोन चमचे पाणी. तेल कमी असल्याने कोरडं तिखट लगेच जळतं. पाण्याने ते शिजतं आणि रंगही सुटतो. जवळा घालून दोन मिनिटं परता.

वांग्याच्या फोडी आणि शेवग्याचे तुकडे घालून वर साडेचार वाट्या, म्हणजे 900 मिली गरम पाणी. झाकण ठेवून दहा-बारा मिनिटं, शेंग दाबल्यावर दबेपर्यंत. माळवं इथे पूर्ण शिजलं पाहिजे. मासा गेल्यावर त्याला वेळ देता येत नाही.

येसर एका वाटी गार पाण्यात कालवा. गारच. गरम पाण्यात किंवा थेट उकळत्या रश्शात टाकला तर प्रत्येक कणाच्या बाहेरचा भाग फुगून बंद होतो, आत कोरडं पीठ अडकतं आणि गुठळ्या होतात. एका हाताने बारीक धार सोडा, दुसऱ्या हाताने पळी बुडापर्यंत फिरवा. पुढची आठ मिनिटं मंद उकळी ठेवा आणि दर मिनिटाला बूड खरवडत राहा, कारण येसर खाली बसतो आणि लागतो. आठ मिनिटांनी चव घ्या: पिठाची चव जाऊन भाजल्या धान्याचा वास राहायला हवा. रस्सा या वेळी हवा त्यापेक्षा पातळ दिसला पाहिजे, साध्या आमटीइतका. ताटात जाईपर्यंत तो बराच आळतो.

यानंतरच आमसुलं त्यांच्या पाण्यासकट घाला. आधी घातली तर आंबटपणात उकळून येसराचा दाटपणा तुटतो आणि रस्सा पाणचट होतो. मग लोक आणखी येसर घालतात आणि चव पिठाळ होते. सोबत तिरफळं, हाताने किंचित चुरडून. वाटू नका, वाटलं की तिरफळ सगळं भांडं ताब्यात घेतं. दोन मिनिटं उकळून आता मीठ. जवळा, आमसूल आणि माशाला लावलेलं मीठ, तिन्हीकडून खारटपणा आलेला असतो, म्हणून अर्ध्या चमच्यापासून सुरू करा.

बांगड्याचे तुकडे एका थरात सोडा, रस्सा त्यांच्यावर जेमतेम यावा. पळी बाजूला ठेवा. झाकण ठेवून मंद आचेवर सहा ते सात मिनिटं, मध्ये एकदा फडक्याने भगुनं दोन्हीकडून धरून हलकेच गोल फिरवा. पळी घातली की तुकडे मोडतात आणि काटे सगळ्या रश्शात पसरतात, मग मुलांना वाढायची पंचाईत होते. मांस कण्यापासून सहज सुटायला लागलं की गॅस बंद. कोथिंबीर घालून झाकून पंधरा मिनिटं तसंच राहू द्या. तेवढ्या वेळात मासा आंबट-तिखट ओढून घेतो. वाढण्याआधी तिरफळं काढून टाका, ती चावायची नसतात.

फार आंबट झालं तर आमसुलं लगेच उचलून घ्या आणि सुपारीएवढा गूळ घाला. पातळ राहिलं तर मासा आधी ताटलीत काढून ठेवा, मग अर्धा चमचा येसर गार पाण्यात कालवून पाच मिनिटं उकळा, आणि मासा परत सोडा.

सुक्या बोंबलाचं, आणि अंबाडीचं

बोंबील 100 ग्रॅम. डोकं, शेपूट आणि कडेचे पर कात्रीने छाटा, बोटभर तुकडे करा, तव्यावर डाग पडेपर्यंत भाजा, गरम पाण्यात दहा मिनिटं ठेवून दोनदा चोळून धुवा. बोंबील येसराच्या आधी, माळव्याबरोबरच घाला. त्याला पंधरा-वीस मिनिटं लागतात. मग जवळा अर्धाच पुरे. बोंबील बहुतेक वेळा बिनमिठाचा वाळवलेला असतो, पण सुका बांगडा खारवलेला असतो. तो वापरलात तर तासभर भिजवून पाणी फेका, आणि घरात रक्तदाब असलेलं माणूस असेल तर वापरूच नका.

नांदेड-देगलूरच्या बाजूला अंबाडीची भाजी घरोघरी. पलीकडे तेलंगणात तिलाच गोंगुरा म्हणतात आणि ती कोळंबीत घालतात. आमसुलं नसतील तर अंबाडीची 100 ग्रॅम पानं पाच मिनिटं उकळा, पाणी काढा, पानं घोटून आमसुलाच्याच वेळी घाला. तिरफळ मग घालू नका, दोघांचं पटत नाही.

धरणाचा रोहू किंवा कटला घेतला तरी कृती हीच, शिजायला दोन-तीन मिनिटं जास्त. पण त्यांच्या मांसात बारीक वाय आकाराचे काटे असतात. लहान मुलांसाठी बांगडाच बरा, त्याचा मधला काटा अख्खा निघून येतो. बांगड्याच्या 100 ग्रॅम मांसात 19-20 ग्रॅम प्रथिनं, शिवाय ओमेगा-3, बी-12 आणि डी जीवनसत्त्व मिळतं. घरात मासळी महिन्यातून दोनदाच येत असेल तर ती बांगड्याची असावी, असं आम्ही सांगतो ते यासाठी.

उरलं तर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा, उन्हाळ्यात तासाभरातच. दुसऱ्या दिवशी येसर घट्ट होऊन रस्सा पिठल्यासारखा दिसतो. आधी मासे अलगद काढा, रश्शात अर्धी वाटी गरम पाणी घालून चांगली उकळी आणा, मग मासे सोडून पूर्ण वाफाळेपर्यंत दोन-तीन मिनिटं झाकण ठेवा. तिसऱ्या दिवसासाठी ठेवू नका.